उंबराचे फूल

आमच्या लहानपणी मदनपुऱ्यात घड्याळ पाहून कोणी उठत नसे. गिरणीचा भोंगा झाला, की गल्ली जागी होई. अम्मी स्टोव्हवर चहाचे आधण ठेवी. अब्बा डोक्याला रुमाल बांधत, डबा उचलत आणि झपाझप निघत. जिन्यावरचा त्यांच्या चपलांचा आवाज विरला, की मी पुन्हा डोळे मिटून घेई.

अब्बा एका कापडगिरणीत साचेखात्यात होते. साचा म्हणजे माग. आमच्या घरी उर्दू बोलली जाई. पण अब्बांच्या बोलण्यात गिरणीतले मराठी शब्द सहज येत. साचा, धोटा, पाळी, बदली, मुकादम हे शब्द मी शाळेत शिकले नाही. ते अब्बांच्या रिकाम्या डब्याबरोबर रोज संध्याकाळी घरी आले. माझे दादाजान आझमगड जिल्ह्यात हातमाग चालवत. ते ज्याला ढरकी म्हणत, त्यालाच मुंबईच्या गिरणीत धोटा म्हणतात, हे मला अब्बांनीच सांगितले. आडव्या सुताची कांडी पोटात घेऊन उभ्या सुतांमधून जो सारखा इकडून तिकडे धावतो, तो धोटा. "गाव बदललं, नाव बदललं, पण काम तेच राहिलं," असे ते हसून म्हणत.

मुंबईतील पहिली कापडगिरणी कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ साली स्थापन केली. १८५६ साली ती ताडदेवला सुरू झाली. पुढे भायखळा, लालबाग, परळ, वरळी, दादर या भागांत गिरण्यांची रांगच उभी राहिली. कोकणातून, सातारा-कोल्हापूरकडून, आमच्यासारखे उत्तरेकडून लोक पोटासाठी येथे आले. चाळी वाढल्या, खानावळी निघाल्या. या साऱ्या भागाला लोक गिरणगाव म्हणू लागले. धुराच्या उंच चिमण्या ही या गावाची खूण होती.

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. तेव्हा मी सहा वर्षांची होते. संप म्हणजे काय, ते मला कळत नव्हते. अब्बा दिवसभर घरी असतात, एवढेच कळत होते आणि त्याचा आनंदही होत होता. पहिला महिना असा गेला. मग अम्मीच्या हातातल्या बांगड्या गेल्या. मग दूध बंद झाले. अम्मी लोकांचे कपडे शिवू लागली. संप वर्षाहून अधिक काळ चालला. नंतर काही गिरण्या सुरू झाल्या, परंतु हजारो कामगारांना पुन्हा काम मिळाले नाही. काही गिरण्यांची दारे तर कायमची बंद झाली. अब्बांची गिरणी त्यांपैकी एक होती. अब्बा भिवंडीला यंत्रमागावर जाऊ लागले. ते तिथेच राहत आणि आठवड्यातून एकदा घरी येत. "तुम्ही तर गूलरचं फूल झालात," असे अम्मी त्यांना म्हणे.

गूलर म्हणजे उंबर. जो माणूस क्वचितच दिसतो, त्याला आपल्या उर्दूत गूलरचे फूल म्हणतात. पुढे शाळेत मराठीच्या बाईंनी 'उंबराचे फूल' हा वाक्प्रचार शिकवला, तेव्हा मी आनंदाने हातच वर केला. दोन भाषांनी एकाच झाडाकडे पाहून एकच गोष्ट म्हटली होती!

मी नववीत असताना, १९९१ साली, दिवाळीच्या सुट्टीत बाईंनी एक निबंध लिहून आणायला सांगितला. विषय होता, 'मी पाहिलेले निसर्गसौंदर्य'. माझ्या मैत्रिणींना काळजी नव्हती. एकीने माथेरान पाहिले होते, दुसरीचे आजोळ रत्नागिरीजवळ खाडीच्या काठी होते. मी मात्र राणीच्या बागेपलीकडे निसर्ग पाहिला नव्हता. आमच्या गल्लीत एकच झाड होते आणि त्याला सायकली बांधलेल्या असत.

त्याच आठवड्यात अब्बा सुट्टी घेऊन घरी आले. त्यांना गिरणीच्या कचेरीत जायचे होते. त्यांच्या नोकरीच्या वर्षांचा दाखला हवा होता. तो मिळाला, तर राहिलेल्या पैशांचा अर्ज करता येणार होता. मी हट्टाने त्यांच्याबरोबर गेले. ज्या गिरणीच्या भोंग्याने मी लहानपणी जागी होत असे, ती मी कधी आतून पाहिली नव्हती.

गिरणीचे मोठे लोखंडी दार बंद होते. बाजूच्या लहान दारातून पहारेकरी बाहेर आले. ते कोकणातले होते. अब्बांना पाहताच त्यांचा चेहरा उजळला.

"या भाई, या! किती वर्षांनी पाय लागले! ही कोण, लेक का?"

"होय दादा, धाकटी. नववीत आहे. मराठीत वर्गात पहिली येते," अब्बा मराठीत म्हणाले. अब्बांना मराठी बोलताना मी पहिल्यांदाच एवढ्या जवळून ऐकत होते. त्यांची मराठी माझ्यासारखी पुस्तकी नव्हती. ती भरभर चालत होती.

कचेरीतला कारकून अकरा वाजता येणार होता. आता तर नऊच वाजले होते. "तोवर इथं उन्हात कशाला उभे राहता? जा, फिरून या आत," पहारेकरी काका म्हणाले. मग माझ्याकडे वळून त्यांनी बजावले, "बाय, गवतात पाय जपून टाक. धामण फिरते. ती काही करत नाही, उंदीर खाते. पण तू घाबरशील."

आत पाऊल टाकले आणि मी जागच्या जागी उभी राहिले. बाहेर ट्रकांचा गोंगाट होता, आणि भिंतीच्या आत रान होते!

अंगणात कमरेएवढे गवत वाढले होते. त्यातून घाणेरीच्या झुडपांवर लाल-पिवळ्या फुलांचे झुबके डोलत होते. एरंड माणसाहून उंच झाला होता. पूर्वी जिथे मालाच्या गाड्या उभ्या राहत, तिथे रुईची रांग लागली होती. काळ्या-निळ्या फुलपाखरांची तिथे ये-जा चालली होती. गवताच्या शेंड्यांवर लाल चतुर बसत होते आणि क्षणात उडत होते. कुठून तरी भारद्वाजाचा घुमणारा आवाज येत होता. तो आवाज कोणाचा, ते काकांनी सांगितले म्हणून कळले.

मी वर पाहिले. विटांची उंच चिमणी आकाशात गेली होती. तिच्या तोंडातून आता धूर निघत नव्हता. तिथे एक पिंपळ उगवला होता. त्याची पाने वाऱ्यावर सळसळत होती आणि त्याच्या शेजारी काटक्यांचा एक ढीग दिसत होता.

"घारीचं घरटं," काका म्हणाले. "दरवर्षी तिथंच करते. तिच्याएवढी उंच खोली मुंबईत कोणाला मिळणार?"

चिमणीच्या पलीकडे गिरणीचे तळे होते. बाष्पकांना लागणारे पाणी पूर्वी या तळ्यातून येई. आता पाण्यावर हिरवा थर साचला होता. मध्येच तो थर हले आणि बेडकाचे डोळे वर येत. काठावर एक ढोकरी मान आखडून, दगडासारखी स्तब्ध बसली होती. ती उडाली, तेव्हा तिचे पांढरेशुभ्र पंख एकदम उघडले आणि मी टाळी वाजवली. तळ्यात गप्पी मासेही होते. डासांच्या अळ्या खाण्यासाठी पालिकेच्या लोकांनी ते सोडल्याचे काकांनी सांगितले.

तळ्याच्या दगडी कठड्यातून एक झाड बाहेर आले होते. त्याच्या मुळांनी दोन मोठे दगड एकमेकांपासून दूर सारले होते. खोडालाच फळांचे घोस लगडले होते.

"हेच गूलर," अब्बा म्हणाले.

मी झाडाभोवती फिरून पाहिले. फूल काही दिसले नाही. अब्बांनी एक फळ तोडले आणि नखाने त्याचे दोन भाग केले. आत बारीक बारीक तंतूंची दाटी होती आणि त्यांत मुंगीहून लहान किडे वळवळत होते.

"हे बघ. लोक म्हणतात, गूलरला फूल येत नाही. फूल आतच असतं. फोडल्याशिवाय दिसत नाही, एवढंच."

अब्बा गावाकडचे अनुभवाने सांगत होते. ते खरेच होते, हे मला पुढे विज्ञानाच्या पुस्तकात कळले. उंबर, वड, पिंपळ या झाडांची फुले फळासारख्या दिसणाऱ्या एका पिशवीच्या आत असतात. पिशवीच्या टोकाला बारीक छिद्र असते. त्यातून चिमुकल्या गांधीलमाशा आत शिरतात, तिथे अंडी घालतात आणि त्यांच्यामुळे आतल्या फुलांचे परागीभवन होते.

मग आम्ही साचेखात्यात शिरलो. या खात्याचे छप्पर करवतीच्या दातांसारखे होते. प्रत्येक दाताची एक बाजू तिरपी आणि दुसरी बाजू काचेची. काचा उत्तरेकडे असत. त्यामुळे कडक ऊन थेट आत येत नसे, पण सूत तुटले तर दिसावे, इतका स्वच्छ उजेड दिवसभर मिळत असे. आता बहुतेक काचा फुटल्या होत्या. दोन दातांच्या मधली पत्र्याची पन्हळ गंजून गळून पडली होती. जिथे पाऊस आत येई, तिथे भिंतीवर वरपासून खालपर्यंत शेवाळाचा हिरवा पट्टा उतरला होता. त्या पट्ट्यात नेच्यांचे झुबके होते. तुळयांवर पारवे घुमत होते. एका अंधाऱ्या कोपऱ्यात वटवाघळे उलटी लोंबत होती.

साचे मात्र तिथे नव्हते. ते केव्हाच विकले गेले होते. अब्बा म्हणाले, त्यांतले काही भिवंडीला गेले असतील, काही मालेगावला, काही भंगारात.

मोठ्या दालनात माती साचली होती आणि तिच्यावर गवत उगवले होते. पण ते सगळीकडे सारखे नव्हते. मधून मधून काळे, उघडे चौकोन दिसत होते. चौकोनांची एक रांग, मग गवताची पट्टी, मग पुन्हा चौकोनांची रांग. मला वाटले, कोणी तरी सारीपाटच मांडला आहे.

"हे असं कसं उगवलं?" मी विचारले.

अब्बा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "तिथं साचे होते. वर्षानुवर्षं तेल गळून जमिनीत मुरलं आहे. तेलावर गवत धरत नाही."

ते भिंतीपासून खांब मोजू लागले. एक, दोन, तीन... सातव्या खांबाशी ते डावीकडे वळले आणि गवताच्या एका पट्टीत जाऊन उभे राहिले. त्यांच्या दोन्ही बाजूंना काळे चौकोन होते.

"इथं," ते म्हणाले. "एकोणीस वर्षं."

त्यांनी डावीकडे पाहिले, मग उजवीकडे, मग मागे वळून पाहिले. चार साच्यांवर नजर ठेवणारा माणूस असाच सारखा वळत असावा. त्यांच्या उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर घासली गेली. तुटलेल्या सुताला गाठ मारायची ती सवय होती. नंतर ते एकदम खाली वाकले आणि पायाजवळचे गवत उपटू लागले. मूठभर उपटले, बाजूला टाकले, पुन्हा मूठभर उपटले. हाताएवढी जागा साफ झाली, तेव्हा त्यांना माझी आठवण झाली असावी. ते उठले, हात झटकले आणि ओशाळे हसले.

"जागा झाडून ठेवायची सवय आहे ना," ते म्हणाले.

त्या उपटलेल्या मातीत काही तरी लाकडी दिसले. मी ते ओढून काढले. तो धोटा होता. त्याची लोखंडी टोके गंजली होती आणि पोटात कांडीऐवजी ओली माती भरली होती. तिच्यात एक इवलेसे रोप उगवले होते, दोनच पानांचे. मला तो फार आवडला.

"अब्बा, आपण हा घरी नेऊ या?"

त्यांनी धोटा हातात घेतला. बोटाने माती काढली नाही. ते रोप तसेच राहू दिले. लाकडावरून एकदा अंगठा फिरवला आणि धोटा पुन्हा होता तिथे ठेवला.

"कंपनीचा माल आहे," ते म्हणाले. "दारावर झडती होते."

दारावर झडती घ्यायला आता कोण होते? ज्या काकांनी आम्हांला आत सोडले, तेच. पण एकोणीस वर्षे रोज पाळी सुटल्यावर अब्बांनी दारात हात वर करून झडती दिली होती. आमचे पैसे गिरणीकडे राहिले होते. गिरणीचा एक तुटका धोटादेखील अब्बांकडे राहिला नाही.

अकरा वाजता कारकून आला. त्याने दोन कपाटे उघडली. दुसऱ्या कपाटातून जुन्या वह्यांचा गठ्ठा काढला, तेव्हा त्याच्या हातात मातीच आली. वह्यांना वाळवी लागली होती. पुठ्ठे जागेवर होते, आतले कागद नव्हते.

"तुमच्या खात्याची वही हीच होती," तो म्हणाला. "मी तरी काय करू? छत गळतं. पाण्यानं कागद ओले होतात, मग वाळवी येते."

अब्बांनी त्या पुठ्ठ्यावरचा आकडा वाचला. आपला तिकीट नंबर त्यांनी दोनदा सांगितला. कारकुनाने तो एका चिठ्ठीवर लिहून घेतला. आम्ही घरी आलो. वाटेत अब्बा काही बोलले नाहीत. मीही गप्प होते, पण माझे कारण वेगळे होते. मी मनात निबंध रचत होते.

त्या रात्री मी चार पाने लिहिली. हिरवे रान लिहिले, लाल चतुर लिहिले, चिमणीवरची घार लिहिली, ढोकरीचे पांढरे पंख लिहिले. 'माणसाने धूर सोडून काळवंडून टाकलेली जागा निसर्गाने पुन्हा हिरवी केली,' असे शेवटचे वाक्य लिहिले. बाईंनी दहापैकी नऊ गुण दिले आणि निबंध वर्गात वाचून दाखवला.

अब्बा पुढच्या वेळी घरी आले, तेव्हा मी वही घेऊन त्यांच्यापुढे बसले आणि सगळा निबंध वाचला. जिथे शब्द अवघड होता, तिथे उर्दूत अर्थ सांगितला. अब्बांनी शेवटपर्यंत नीट ऐकले. माझ्या डोक्यावर हात ठेवला.

"फार छान लिहिलं आहेस, बेटा," ते म्हणाले. मग थोडे थांबून त्यांनी विचारले, "पण यात मी कुठं आहे?"

त्यांच्या आवाजात राग नव्हता. त्यांना खरेच जाणून घ्यायचे होते. मला उत्तर देता आले नाही. मी वही मिटली.

त्या प्रश्नाचे उत्तर शोधायला मला पुष्कळ वर्षे लागली. मोठी झाल्यावर मी विचार केला, ते रान तिथे उगवले तरी कसे? निसर्गाने ठरवून काही केले नव्हते. अब्बांनीच मला एकदा सांगितले होते, की दर मे महिन्यात माणसे छपरावर चढून पन्हळी साफ करत. पाने, माती, पारव्यांची घाण काढून टाकत. फुटलेल्या काचा बदलत. लोखंडाला रंग देत. १९८२ नंतर वर कोणी चढले नाही. पन्हळी तुंबल्या. मुंबईत वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. ते पाणी वर साचले, पत्रा गंजला, छप्पर गळू लागले. लोखंड गंजले, की फुगते आणि शेजारच्या दगडविटांना तडे पाडते. जुन्या भिंतींचा चुना पावसाने हळूहळू झिजतो. ओल्या भिंतीवर आधी शेवाळ आले. शेवाळाने धूळ धरून ठेवली. धुळीची माती झाली. मातीत नेचे आणि गवत आले. मैना, बुलबुल, कावळे पिंपळाची आणि उंबराची फळे खाऊन चिमणीवर, भिंतीवर बसले. त्यांच्या विष्ठेतून बिया फटींत पडल्या. केसासारखे मूळ आत शिरले, जाड होत गेले आणि एक दिवस त्याने दगड दूर सारला.

म्हणजे प्रत्येक हिरव्या पानामागे एक थांबलेले काम होते. छपरावर शेवाळ होते, कारण पन्हळ साफ करणारा माणूस नव्हता. फरशीवर गवत होते, कारण तिथे रोज उभा राहणारा माणूस नव्हता. साचेखात्यातली हवा पूर्वी मुद्दाम दमट ठेवत, कारण कोरड्या हवेत सूत लवकर तुटते. सूत सांभाळणारी ती माणसे गेली आणि राहिलेल्या ओलाव्यात नेचे वाढले. मी जे सौंदर्य पाहिले, ते खोटे नव्हते. पण ते अब्बांच्या रिकाम्या जागेत उगवले होते. आणि ज्या पावसाने तळ्याकाठचा उंबर वाढवला, त्याच पावसाने त्यांचे नाव लिहिलेली वहीही वाळवीच्या तोंडी दिली. निसर्ग कोणावर सूड उगवत नाही आणि कोणाची कीवही करत नाही. माणसाने मोकळी सोडलेली जागा तो भरून काढतो. जागा मोकळी का पडली, हे त्याला विचारून उपयोग नाही. ते माणसांनाच विचारावे लागते.

अब्बा पुन्हा त्या गिरणीत गेले नाहीत. मी मात्र भिंतीबाहेरून चिमणीवरचा पिंपळ पाहत असे. पुढे गिरण्यांच्या जमिनींचे काय करायचे, यावर बरेच वाद झाले. १९९१ च्या नियमाप्रमाणे अशा जमिनीचा एक हिस्सा शहराच्या मोकळ्या जागांसाठी आणि एक हिस्सा घरांसाठी द्यायचा होता. २००१ साली नियम बदलला आणि फक्त आधीच मोकळ्या असलेल्या जमिनीची वाटणी करायची, असे ठरले. त्यामुळे शहराच्या वाट्याची जागा फारच कमी झाली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. २००६ साली न्यायालयाने तो बदल कायम ठेवला. गिरण्यांच्या जागी दुकाने, कचेऱ्या आणि उंच इमारती उभ्या राहिल्या. अब्बांची गिरणीही पाडली गेली. उंबर गेला, तळे बुजवले गेले, घारीची खोलीही गेली. माणसांनी सोडलेल्या जागेत रान आले होते. आता त्या रानाच्या जागी पुन्हा माणसे आली. पण ती आमची माणसे नव्हती.

अब्बा २००९ साली वारले. २०१२ साली म्हाडाने गिरणी कामगारांच्या घरांसाठी पहिली सोडत काढली. अम्मीने एक जुनी पत्र्याची पेटी जपून ठेवली होती. तिच्यात अब्बांचे विम्याचे कार्ड आणि पगाराच्या काही पावत्या होत्या. वाळवीने खाल्लेले अब्बांचे नाव त्या कागदांवर शिल्लक होते. त्यांच्या आधारे आम्ही अर्ज केला. त्या सोडतीत आमचा नंबर लागला नाही. पण यादीत अर्जदारांमध्ये अब्बांचे नाव छापलेले होते. अम्मीने त्या ओळीवर बोट ठेवून मला ते दोनदा वाचायला लावले.

आता मी स्वतः एका उर्दू शाळेत मराठी शिकवते. निसर्गावर निबंध लिहायला मीही सांगते. माझ्याही वर्गात अशी मुले असतात, ज्यांनी माथेरान पाहिलेले नसते. त्यांना मी म्हणते, आपल्या वस्तीतली एखादी भिंत पाहा, एखादे बंद पडलेले कारखान्याचे दार पाहा, पडक्या घराच्या कौलांवरचे गवत पाहा. जे दिसेल ते मन लावून लिहा. चतुर, फुलपाखरू, फुले, सगळे लिहा. मग दोन ओळी आणखी लिहा : इथे आधी कोण होते? ते कुठे गेले?

मुले घरी जाऊन आजोबांना विचारतात, शेजाऱ्यांना विचारतात. कधी उत्तर मिळते, कधी मिळत नाही.

मागच्या पावसाळ्यात मी त्या गिरणीच्या रस्त्यावरून गेले. सगळे नवे आहे; फक्त मागच्या गल्लीत जुन्या दगडी भिंतीचा एक तुकडा राहिला आहे. त्याच्या फटीत वीतभर उंबर उगवला होता. तिथला रखवालदार म्हणाला, "दरवर्षी उपटतो बाई, दरवर्षी येतो."

मी थोडा वेळ तिथे उभी राहिले. त्या रोपाला अजून फळ आले नव्हते, आणि फूल तर दिसणारच नव्हते. पण फूल असते. अब्बांनी ते मला फोडून दाखवले होते. त्या दिवशी माझ्या निबंधात ते नव्हते. म्हणून तोच निबंध मी आज पुन्हा लिहिला आहे.